ताईच्या मरणाचा प्रसंग

मोक्पोच्या बंदरावर सो-दामच्या वडिलांची ऑक्टोपसची खानावळ होती. एका दुधाच्या जाहिरातीने पोरीचं नशीब उघडलं आणि नऊ वर्षांच्या सो-दामला घेऊन आई राजधानीत, सोलला, एका खोलीत राहायला गेली. तेरा वर्षांची थोरली ह्ये-वॉन मागे राहिली. शाळा सुटली की ती बाबांच्या हाताखाली लसूण सोलायची, भांडी विसळायची.

राजवाड्याच्या एका मालिकेत सो-दामला मोठं काम मिळालं. मालिकेतल्या तिच्या ताईला विष देऊन मारतात आणि धाकटीने प्रेताला कवटाळून आक्रोश करायचा, असा प्रसंग होता. सकाळपासून सात वेळा करून झालं, पण डोळ्यांत टिपूस येईना. दिग्दर्शक वैतागला. तेव्हा आईने तिला बाजूला घेऊन हळूच सांगितलं, की घरी ह्ये-वॉनचं अपेंडिक्स फुटलंय, काल दवाखान्यात नेलंय, बाबा एकटेच धावपळ करताहेत.

पोर जी रडायला लागली ती थांबेचना. मेकअप करणाऱ्या बायाही डोळे पुसत होत्या. दुपारी दिग्दर्शकाने सगळ्यांना निखाऱ्यावरचं मांस खायला नेलं आणि पहिला घास भाजीच्या पानात गुंडाळून स्वतःच्या हाताने तिला भरवला. तिथेच आईने विचारलं, "संध्याकाळच्या गाडीने जाऊन येऊ या का गं? साहेबांना मी सांगते."

सो-दाम म्हणाली, "उद्या अंत्ययात्रा आहे ना. त्यात मी सगळ्यांत पुढे आहे."

आईने पुन्हा विचारलं नाही. ह्ये-वॉन अठरा दिवस दवाखान्यात होती.

त्या प्रसंगाने सो-दाम घराघरांत पोचली. पुढची चार वर्षं पाय जमिनीला लागले नाहीत. चौदाव्या वर्षी मात्र ती ताडमाड वाढली. लहान मुलीच्या कामाला थोराड, नायिकेच्या कामाला कोवळी. फोन कमी होत होत बंदच झाले. बरीच वर्षं दारं ठोठावून ती मोक्पोला परतली, तेव्हा खानावळ ताईच चालवत होती. ताईने काही न विचारता तिच्या हातात एप्रन दिला. गिऱ्हाईकं ओळखायची, "रडणारी ती तूच ना?" सो-दाम हसून किमचीची वाटी पुढे सरकवायची.

ती एकतीस वर्षांची झाली त्या वर्षी, जुन्या बालकलाकारांना शोधत एका वाहिनीची माणसं खानावळीत आली. निवेदिकेने विचारलं, त्या प्रसंगात मनात काय होतं? सो-दामने पहिल्यांदाच खरं ते सांगितलं.

पलीकडे ह्ये-वॉन लसूण सोलत बसली होती. तिने मान वर केली नाही.

"मला ठाऊक होतं," ती म्हणाली. "आईनेच फोनवर सांगितलं, सो-दाम तुझ्यासाठी कशी रडली म्हणून. मग मी नर्सकडून खिडकीजवळची खाट मागून घेतली. तिथून फाटक दिसायचं."

वाहिनीने तेवढा भाग गाळला.

माणसं गेल्यावर सो-दाम ताईजवळ येऊन बसली. तिनेही लसणाचा एक गड्डा सोलायला घेतला. ताईच म्हणाली, "जाऊ दे गं, नऊ वर्षांची तर होतीस."

ते खरंच होतं. पण नंतरच्या बावीस वर्षांत ती नऊची राहिली नव्हती, आणि तरी एकदाही तिने साधी चौकशी केली नव्हती.

"फार दुखलं होतं का, ताई?"

"आता कुठलं आठवतंय," ह्ये-वॉन म्हणाली आणि उठून हात धुवायला गेली.