भोंगा झाल्याशिवाय

आमच्या यांची जन्माची एकच फुशारकी. "भोंगा झाल्याशिवाय दिनानाथ कधी लूम सोडून उठला नाही!" मिलमध्ये जरा पाठ फिरली की धागा तुटायचा, कापड बिघडायचं आणि जॉबर, म्हणजे वरचा मुकादम, सगळ्यांदेखत आईबाप काढायचा. म्हणून हे पाणी बेतानं पीत आणि लघवीला जात ते भोंगा झाल्यावरच. सुट्टीच्या दिवशीसुद्धा! लग्नाच्या पंगतीत बसले तरी कान मिलकडे. जित्याची खोड, म्हणायचे मी. त्या म्हणीचा पुढचा भाग आता माझ्या तोंडून निघत नाही.

मग मिल बंद पडली. भोंगा थांबला, पण यांना तो ऐकू येत राहिला. जेवता जेवता उठायचे आणि "झाला बघ," म्हणत मोरीकडे जायचे. बाहेर आमची सगळी परदेशीपुरा वस्ती चिडीचूप. मी चिडायचे. कान तपासून घ्या, म्हणायचे.

या उन्हाळ्यात यांच्या कानातला तो भोंगाही थांबला. हे दिवसभर खुर्चीत बसून त्याची वाट पाहायचे. ओटीपोट तट्ट फुगलेलं, कमरेत कळा. तेव्हा कुठे मी घाबरले.

सरकारी दवाखान्यात डॉक्टर शिखा मॅडमनी यांच्या शिरेत औषध टोचून किडनीचे एक्सरे काढले. औषध किडनीत जातं आणि लघवीवाटे निघतं. जिथे असेल तिथे फोटोत पांढरं दिसतं, असं त्यांनी समजावलं. मग फोटो उजेडाला धरला.

"अंबिकाजी, किडनीत इथे छोटे छोटे कप दिसायला पाहिजेत. दोन्हीकडे फुगे झालेत. ब्लॅडर, लघवीची पिशवी, भरून लघवी वर किडनीत चढली आहे. आता एकच फोटो बाकी आहे, लघवी झाल्यावरचा. त्यांनी स्वतःहून केली आणि औषध उतरलं, तर ठीक. नाही तर पोटातून नळी टाकावी लागेल. हमेशा के लिए."

कायमची नळी आणि कमरेला पिशवी. कडक इस्त्रीशिवाय दाराबाहेर न पडणारा हा माणूस! मला तिथेच रडू फुटलं.

हे संडासात गेले आणि मी दाराशी उभी राहिले. नळ सोडून पाहिला, तान्ह्या पोराला करतात तसं शू-शू करून पाहिलं. आतून बारीक आवाज आला, "अंबिके, होत नाहीये गं. भोंगा कुठे झालाय?"

"माताजी, जल्दी कराओ," एक्सरेवाला ओरडला. "मशीन रोक के रखी है."

समोरच्या बाकांवर आमच्याच मिलचे म्हातारे नंबराची वाट पाहत बसले होते. लाज वाटली. पण लाजून काय होणार? मी पदर खोचला, दाराच्या फटीला तोंड लावलं आणि भोंगा वाजवला. आधी पोटातून घोगरा, मग चढत चढत वर, आणि शेवटी लांबच लांब. ज्याला जन्मभर शिव्या घातल्या तो मला असा तोंडपाठ होता! तो आवाज माझा वाटेना. मी थांबायचं म्हटलं तरी तो थांबेना. भीती वाटली मला, खरं सांगते.

दाराआड धार लागली.

मी तोंडावर हात दाबला आणि मागे वळले. बाकांवरचे म्हातारे उभे राहिले होते, सगळेच्या सगळे. एक जण शेजारची रिकामी जागा जेवणाच्या डब्यासाठी चाचपत होता.

शेवटच्या फोटोत उजवी किडनी रिकामी झाली होती. डावी तशीच पांढरी फटक.

"उजवी वाचेल," मॅडम म्हणाल्या. "डावीचा भरवसा नाही. नळी सध्या नको. पण रोज, वेळच्या वेळी करवून घ्यावी लागेल. जमेल तुम्हाला?"

जमेल म्हटलं. या भोंग्यानं माझा नवरा रोज भरल्या घरातून कामावर उठवून नेला, त्याचा राग मला अजून आहे. आता तो मीच वाजवायचा, दिवसातून कितीदा तरी, यांचा श्वास आहे तोवर.

यांचा हात धरून बाहेर आले. म्हातारे अजून उभेच होते.

"बसा हो," मी म्हटलं. "मिल बंद झालीय."

कोणी बसलं नाही.