अर्धा चेहरा माझ्या उजेडात

मित्रांनो, मी एक जुना दिवा आहे. घरातला नव्हे, रस्त्यावरचाही नव्हे. फोटो स्टुडिओतला, पाटीसारखा चपटा, एलईडीचा दिवा. सध्या माझा मुक्काम जिन्याखाली आहे, मोडक्या छत्र्या आणि फरशी पुसायच्या बादलीच्या शेजारी. माझी वायर माझ्याच गळ्याभोवती गुंडाळलेली आहे आणि पाठीवर एक चिठ्ठी चिकटवली आहे. तिच्यावर लिहिलं आहे, 'पिवळा'. मी पिवळा नाही. तेवढं सांगायलाच तोंड उघडतो आहे. ऐकून तुम्हाला बरं वाटेल असं मात्र समजू नका.

माझ्या अंगावर तांदळाएवढे पाचशे दाणे आहेत. प्रत्येक दाणा मुळात निळा. त्याच्यावर पिवळ्या लेपाचा एक थेंब असतो आणि दोन्ही मिळून पांढरा उजेड होतो. लेप चांगला असला तर रंग खरे दिसतात. लेप भिकार असला तर लालभडक टोमॅटोही विटेसारखा दिसतो. तुम्हाला शाळेत असते तशी आम्हाला कारखान्यात परीक्षा असते. रंग खरे दाखवण्यात मला शंभरापैकी सत्त्याण्णव गुण पडले. तपासणीच्या टेबलावर बसणारी बाई मात्र आकड्यांवर विसंबायची नाही. ती प्रत्येक दिव्यासमोर स्वतःचा तळहात धरून बघायची. माझ्यासमोर धरला आणि शेजारणीला म्हणाली, "हा बघ. ह्याच्यात हात हातासारखा दिसतो." मग तिने मला खोक्यात घातलं. त्या एका वाक्यावर मी पुष्कळ वर्षं काढली.

मी ज्या स्टुडिओत आलो तो एका अरुंद रस्त्यावर, कापडं रंगवणाऱ्या रंगाऱ्याच्या दुकानाला लागून होता. पुढे काचेचं दार, आत एक लांबट खोली, खोलीच्या टोकाला पडदा आणि पडद्यापुढे एक लाकडी स्टूल. मालक पन्नाशीचे. त्यांचे दोन धंदे होते. एक, येईल त्याचे फोटो काढणं. दुसरा, दिव्यांची तुलना करणं. बाजारात नवा दिवा आला की ते तो मागवायचे, जुन्याशेजारी उभा करायचे आणि कोणता बरा ते व्हिडिओतून लोकांना सांगायचे. हजारो लोक ते बघायचे. मालकांनी चांगलं म्हटलं तर दिवा चांगला, एवढा त्यांचा शब्द चालायचा.

तुलना करायची तर उजेड कशावर तरी पाडावा लागतो. तो पडायचा ताईवर. ताई म्हणजे मालकांची मोठी बहीण. आई गेली तेव्हा मालक सहा वर्षांचे होते आणि ताई सोळा. तिने त्यांना वाढवलं, स्वतःचं लग्न केलं नाही, आणि सगळं झाल्यावर ती भावाच्या स्टुडिओत येऊन पडद्याच्या सुरकुत्या काढू लागली. जगासाठी मालक मोठे साहेब होते, तिच्यासाठी छोटू. "ताई, बस गं जरा," असं म्हटलं की ती हातातली इस्त्री ठेवून स्टुलावर बसायची. डाव्या डोळ्याखाली तिला एक तीळ होता. मालक कॅमेऱ्याची नजर त्या तिळावर लावायचे.

आता या धंद्यातली एक रीत सांगतो, कारण सगळं घोडं तिथेच पेंड खातं. फोटो काढण्याआधी एक राखाडी पुठ्ठा समोर धरतात. पुठ्ठा कॅमेऱ्यात राखाडी दिसला की बाकीचे रंग खरे. निळसर दिसला किंवा पिवळसर दिसला, तर कॅमेऱ्यातला रंग तितका उलटीकडे फिरवायचा. पुठ्ठ्याला तोंड नाही, नातं नाही, मन नाही. सुरुवातीला मालक तो इमानाने धरायचे. पुढे नाव झालं आणि पुठ्ठा खुंटीला लागला. कुणी विचारलं तर म्हणायचे, "हातच्या कांकणाला आरसा कशाला? ताईचा चेहरा मला पाठ आहे. तो बरोबर दिसला की सगळं बरोबर."

रोज सकाळी ताईला बसवायचं, तिचा गाल नेहमीसारखा दिसेपर्यंत कॅमेऱ्यातला रंग फिरवायचा आणि दिवसभर त्याच मापावर काम करायचं. तेवढ्यापुरता पुठ्ठा खुंटीवरून ताईच्या हातात यायचा, पण तो शोभेला. लोकांना वाटावं की काम शास्त्रशुद्ध चाललंय.

अशी सात वर्षं बरी गेली. मी कित्येक नवऱ्यामुलींच्या गालांवर पडलो, कित्येक तान्ह्यांना शिंका आणल्या. पाच-सहा नवे दिवे माझ्याशी तुलनेला आले आणि हरून परत गेले. मला गर्व होता, नाही कशाला म्हणू?

मग एके दिवशी एक बाई मुलाचा फोटो परत घेऊन आल्या. "पोरगं गारठल्यासारखं का दिसतंय हो?" फोटोत मुलगा निळसर होता. दुसऱ्या दिवशी आणखी एक जण तेच गाऱ्हाणं घेऊन आला. मालक चक्रावले. सकाळी ताईवर उजेड पिवळा दिसायचा, मालक कॅमेऱ्यातला रंग निळ्याकडे ओढून घ्यायचे, आणि दुपारी गिऱ्हाइकं निळी निघायची. तुमच्या लक्षात आलं असेल. माझ्या तर पहिल्या दिवसापासून लक्षात आलं होतं. उजेड तोच होता. ताई पिवळी पडत चालली होती.

फार हळूहळू, मित्रांनो. आधी डोळ्यांतलं पांढरं, मग गाल, मग कपाळ. तिचा हात सारखा मानेशी जायचा, अंगाला खाज सुटायची. इस्त्री करताना ती मधेच स्टुलावर टेकायची. तिच्या हातातला पुठ्ठा मात्र राखाडीच्या राखाडी. मालकांनी एकदा मान खाली घालून त्या पुठ्ठ्याकडे बघितलं असतं तर ही गोष्ट इथेच संपली असती. त्यांनी मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. "म्हातारा झाला हा," ते म्हणाले. "लेप उतरला याचा." चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती ही.

मालकीणबाईंना शंका आली होती. त्या म्हणाल्या, "अहो, वन्सं अलीकडे जेवत नाहीत नीट. दवाखान्यात नेऊन आणू या का?"

"नेऊ की. नवा दिवा येतोय, तेवढी तुलना होऊ दे. ताईशिवाय ती कशी करणार?"

"माझी काय घाई आहे?" ताई म्हणाली. "छोटूचं काम आधी होऊ दे."

नवा दिवा आला. माझ्या दुप्पट उजेड, निम्मं वजन, रंगाच्या परीक्षेत ब्याऐंशी गुण. त्याच्या उजेडात एक गुलाबी झाक होती. त्याच्यासमोर दगड ठेवला असता तरी त्याचे गाल लाल दिसले असते. मालकांनी कॅमेरा मधोमध लावला, आम्हाला दोन बाजूंना उभं केलं आणि ताईच्या नाकासमोर एक उभा काळा फळा धरला, म्हणजे एकाचा उजेड दुसऱ्याच्या हद्दीत जाऊ नये. कॅमेऱ्याच्या पडद्यावर डावा अर्धा चेहरा माझा, उजवा त्याचा.

डावीकडे हळदीचं पाणी फिरवल्यासारखा गाल, पिवळा डोळा. उजवीकडे गुलाबी, तरतरीत बाई.

"बघा मंडळी," मालक कॅमेऱ्याला म्हणाले, "एकच माणूस, एकच क्षण. जुना दिवा माणसाला कसा आजारी करतो बघा. डावीकडची आमची ताई आठ दिवसांची पाहुणी वाटते की नाही?"

ताई हसली. खूप हसली, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. "आणि उजवीकडची तिची लेक," ती म्हणाली. मालकही हसले. मी जळत राहिलो. मला दुसरं काही येत नाही.

तो व्हिडिओ लोकांनी डोक्यावर घेतला. मालकीणबाई त्याच्याखाली लोकांनी लिहिलेली मतं मोठ्याने वाचून दाखवत होत्या. थट्टाच थट्टा. मधेच त्या थांबल्या. "अहो, इथे एकाने लिहिलंय, बाईंच्या डोळ्यातलं पांढरंही पिवळं आहे, दिवा नाही, माणूस तपासून घ्या."

"लोकांना दिव्यातलं काय कळतं?" मालक म्हणाले आणि त्यांनी ते मत पुसून टाकलं.

ताईने मात्र ते ऐकलं होतं. ती उठून आरशापाशी गेली. पण त्याच सकाळी मालकांनी आरशावरही नव्या जातीचा एक छोटा दिवा बसवला होता. ताईने खालची पापणी ओढून बघितली, इकडून बघितलं, तिकडून बघितलं. "छे गं," ती भावजयीला म्हणाली, "चांगली टवटवीत दिसतेय की मी." तिच्या आवाजात केवढी सुटका होती. त्या सुटकेपायी तीन महिने गेले.

मला जिन्याखाली टाकलं, पाठीवर चिठ्ठी आली. तिथून एका बाजूला दार दिसतं, दुसऱ्या बाजूला मालकांचं टेबल. एका सकाळी पडद्याचा रंग विटलाय असं वाटून ताई तो रंगवून घ्यायला दारात उभी राहिली. रंगारी आला. त्याची एक सवय होती. कुठलंही कापड तो आत बघायचा नाही, दाराबाहेर उन्हात नेऊन बघायचा. दिव्यावर त्याचा काडीचा विश्वास नव्हता. पडदा घेऊन तो बाहेर गेला, त्याचं दुसरं टोक धरून ताईही गेली.

रंगाऱ्याने कापडाकडे बघितलं आणि मग बघतच राहिला.

"बाई, कापडाला काही झालेलं नाही," तो म्हणाला. "तुम्ही किती पिवळ्या पडलात. घरात कुणाला दिसत नाही का?"

दिव्याखाली अंधार म्हणतात. या घरात दिव्यांची सगळी पोटापाण्याची विद्या होती आणि अंधार बरोबर स्टुलावर बसलेला होता.

डॉक्टर म्हणाले, पित्ताच्या नळीत गाठ आहे. आणखी म्हणाले, तीन महिन्यांपूर्वी आणलं असतं तर कापून काढता आली असती. हे मालकीणबाईंनी दारात चपला काढता काढता सांगितलं, कुणाला सांगितलं कुणास ठाऊक.

दवाखान्यातून आल्यावर ताईने एक हट्ट केला. "छोटू, तो जुना दिवा आण. मला बघायचंय."

मालकांनी मला बाहेर काढलं, वायर सोडली. ताईने आपल्या हाताने खुंटीवरचा पुठ्ठा काढून हनुवटीखाली धरला आणि शेजारच्या संगणकाच्या पडद्यावर स्वतःला बघत बसली. पुठ्ठा राखाडी होता. ती पिकलेल्या पानासारखी पिवळी होती. मालकांचा हात आपसूक कॅमेऱ्याकडे गेला, रंग फिरवायला.

"राहू दे," ताई म्हणाली. "अशीच आहे मी."

"ताई, मला वाटलं दिवाच..."

"माहीत आहे रे." तिने त्यांच्या डोक्यावरून हात फिरवला. रागावली असती तर मालकांना सोपं गेलं असतं. ती रागावली नाही. दीड महिन्याने ती गेली.

भिंतीवर लावायला फोटो हवा होता. मालकांनी संगणक उघडला आणि तिथे त्यांची फजिती झाली. रोज सकाळचा एक, असे ताईचे शेकडो फोटो होते, आणि सगळे त्यांनी स्वतःच्या हाताने नेहमीसारखे करून ठेवलेले. त्यातला खरा रंग कोणता? ते रंग इकडे सरकवत, तिकडे सरकवत. "अशी होती का गं?" ते बायकोला विचारत. "थोडी तांबूस." "अशी?" "नाही हो, एवढी नाही." ज्याला तो चेहरा पाठ होता त्याला तो सापडेना.

शेवटी मालकीणबाईच म्हणाल्या, "त्यांच्या हातात पुठ्ठा आहे ना, त्यावरून करा."

मग मालक एकेक फोटो पुठ्ठ्यावरून दुरुस्त करत मागे जाऊ लागले. शेवटच्या फोटोंतली ताई पिवळी. त्याच्या आधीच्या महिन्यातली पिवळी, जरा कमी. सहा महिने मागे गेल्यावर एका मंगळवारी ती गव्हाळ निघाली, आणि बुधवारी डोळ्याच्या कोपऱ्यात एक पिवळी रेघ. मालक मंगळवारकडे गेले, बुधवारकडे आले, परत मंगळवारकडे गेले. सबंध दुपार त्यांनी तेवढंच केलं. मंगळवारचा फोटो आता भिंतीवर आहे.

आणि तो तुलनेचा व्हिडिओ अजून आहे. मालकीणबाईंनी काढून टाका म्हटलं, मालकांनी काढला नाही. बाकीच्या व्हिडिओंत ती पुतळ्यासारखी बसलेली, हसणारी ताई दुसरीकडे कुठेच नाही. लोक अजून तो बघतात, अजून खाली थट्टा लिहितात. मी परत जिन्याखाली आहे. चिठ्ठी काढायचं कुणाला सुचलं नाही, की धीर झाला नाही, मला ठाऊक नाही. तो ब्याऐंशी गुणांचा दिवा खोलीत उभा असतो आणि येणारा प्रत्येक जण त्याच्याखाली ठणठणीत दिसतो.

मित्रांनो, माझी धूळ पुसा, वायर जपा, असं मी सांगणार नाही. दिवे काय, येतात आणि जातात. पण तुम्हाला पाठ असलेलं एखादं माणूस एके दिवशी वेगळं दिसलं, तर ते नेहमीसारखं दिसावं म्हणून काही फिरवू नका. त्याला हाताला धरून दाराबाहेर उन्हात न्या आणि बघा. आमच्या मालकांना हे आता कळलं आहे. तरी दुकान बंद करायच्या आधी ते रोज तो व्हिडिओ लावतात. खुंटीवरचा राखाडी पुठ्ठा काढतात आणि संगणकाच्या पडद्याच्या डाव्या अर्ध्यावर, माझ्या बाजूवर, घट्ट दाबून धरतात. मग उजवीकडची गुलाबी ताई हसते, आणि तिचं हसून होईपर्यंत त्यांचा हात खाली येत नाही.