सत्काराला मुराळी

गंगाधर तळेकरच्या पहिल्या कादंबरीला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला आणि दुसऱ्या दिवसापासून सोलापुरात त्याचे नातेवाईक वाढू लागले. आदल्या दिवसापर्यंत त्याला आई, वडील आणि एक सायकल एवढंच होतं.

वडील मानसिंग हे केम गावच्या शेतकऱ्याचे चिरंजीव, रेल्वेत पॉइंट्समन. आई सुंदरम्मा साखर पेठेतल्या तेलुगू विणकराची लेक. स्वातंत्र्य मिळालं त्या सुमारास या दोघांनीही त्यातलं थोडं घेतलं आणि लग्न केलं. दोन्ही घरांनी एकाच वेळी पाठ फिरवली. त्या बाबतीत दोन्ही समाजांत जी एकवाक्यता दिसली, ती पुढे पिण्याच्या पाण्यावरसुद्धा कधी दिसली नाही.

केममध्ये गंगाधर ‘तेलगिणीचं पोरगं’ होता आणि साखर पेठेत ‘त्या मराठ्याचा’. कुणीच आपला म्हणेना, तेव्हा त्यानं दोघांविषयी लिहायला घेतलं. सकाळी महापालिकेच्या शाळेत मास्तरकी, संध्याकाळी रेल्वे क्वार्टरच्या स्वयंपाकघरात पाटावर वही. पहिल्या दोन कथा मासिकांनी परत केल्या, तिसरी छापली, चौथीचं मानधन म्हणून वर्षभर अंक फुकट पाठवला. पंचविशी उलटली तेव्हा कादंबरी आली. पुण्याच्या एका समीक्षकानं लिहिलं की भाषेला तेलुगूची लय आहे. या समीक्षकानं तेलुगू कधी ऐकली असावी असं वाटत नाही, पण म्हणणं बरोबर होतं.

पुरस्कारानंतर केमहून सरपंच ज्वारीचं पोतं घेऊन आले. आणि साखर पेठेतल्या समाजानं जाहीर सत्कार ठरवला. अध्यक्ष नरसय्या, बारा यंत्रमागांचे मालक आणि सुंदरम्माचे धाकटे भाऊ. बहिणीशी तिच्या लग्नानंतर त्यांचं बोलणं नव्हतं. भाच्याशीही नव्हतं, पण भाच्यानं आता बोलण्याजोगं काही केलं होतं.

मी पेठेतल्या ग्रंथालयाचा चिटणीस, म्हणून निमंत्रण घेऊन मला पाठवलं. गंगाधरनं ते नीट वाचलं.

“येतो सर. पण अम्मा आली तर. आणि तिला न्यायला मुराळी आला पाहिजे.”

क्वार्टरमधल्या बाकीच्या बायकांना दर पंचमीला भाऊ न्यायला यायचे. त्या दिवशी सुंदरम्मा सकाळपासून भांडी घासत बसायची. घासलेलीसुद्धा.

मी टांगा घेऊन गेलो. न्यायला कुणीतरी आलं म्हणजे झालं, अशी माझी सुशिक्षित समजूत. तिनं आल्याचा चहा दिला आणि म्हणाली, “तुमी लई चांगले हाय सर. पन तुमी माजे भाऊ न्हाय की.”

मग नरसय्यांचे मुनीमजी इरकली लुगडं घेऊन गेले. चहा पिऊन लुगड्यासकट परतले. मग समाजाची कार्यकारिणी गेली. त्यांनाही चहा. इकडे मांडव पडला, हार सांगून झाले, आणि सत्कारमूर्ती म्हणतो, अम्माशिवाय पाऊल टाकणार नाही.

कार्यक्रमाच्या आदल्या दुपारी मी पुन्हा विनवणी करायला गेलो, तर मागोमाग दारात नरसय्या स्वतः. पांढरं धोतर, काळी टोपी, काखेत कादंबरी. पानात खूण म्हणून लाल सुताचा धागा. ते न्यायला आले नव्हते, भांडायला आले होते.

“गंगाधर, हे काय लिवलास? पोरगी वाचून दाखवली मला. भाऊ बहिणीच्या पाठीमागं दार लावतो म्हनं.”

“मामा, कादंबरी आहे ती.”

“असू दे की. लोक वाचतेत. मी दार लावलो न्हाय. दार उगडं होतं.”

स्वयंपाकघरातून सुंदरम्मा बाहेर आली. इतक्या वर्षांनी भाऊ दिसला, तर तिनं आधी त्याच्या टोपीकडे बघितलं. बहुतेक पिकलेले केस दिसतात का ते.

“मग कोन लावला?”

“कोनच न्हाय. नाना म्हनला, बाप म्हनून सांगतो, लाव. मी उटलो, दाराजवळ गेलो, उभा ऱ्हायलो. तू वळूनच बगितली न्हाईस अक्का.”

“कशाला बगू? मागाचा आवाज बंद झाला. दार लावल्याशिवाय आपल्या घरातला आवाज बंद होतो का कदी?”



“आवाज कसा येईल?” नरसय्या म्हणाले. “मागावर मीच बसलो होतो की. तू निघालीस म्हनून हात थांबला.”

मी कपातल्या चहाकडे बघत राहिलो. गंगाधरही खाली बघत होता. भावानं दार लावलं आणि मागाचा आवाज बंद झाला, या त्याच्या वाक्यासाठीच समीक्षकांनी त्याला डोक्यावर घेतलं होतं. कोपऱ्यातून मानसिंग म्हणाले, “आता तरी बसा की पावनं. मी काय परत पळवून नेत न्हाय तिला.”

सुंदरम्मा आत गेली आणि कापडी पिशवी भरून आली.

“चल. दाव मला, कुटलं दार उगडं होतं ते.”

“आत्ता?”

“मुराळी आलाय न्हवं?”

आपण मुराळी आहोत हे नरसय्यांना तेव्हा कळलं. त्यांनी पुस्तक भाच्याकडे दिलं आणि बहिणीच्या हातातली पिशवी घेतली. “रा अक्का, ये,” म्हणाले.

टांगा पेठेच्या तोंडाशी सोडला. बोळातून नरसय्या पिशवी घेऊन पुढे, मागे सुंदरम्मा, तिच्या मागे आम्ही. मुनीमजी पिशवी घ्यायला धावले, त्यांना नरसय्यांनी नजरेनंच परत पाठवलं. माहेरच्या घराला लागून असलेल्या कारखान्यापाशी येताच आतल्या कामगारांनी अध्यक्षांच्या बहिणीच्या मानार्थ माग थांबवले. बघता बघता शेजारच्यांनीही थांबवले. सोलापुरात माग थांबतात ते वीज गेली तर, नाहीतर संप असला तर. बोळ एकदम शांत झाला.

सुंदरम्मा जागीच थांबली आणि या वेळी तिनं वळून बघितलं. मागं गंगाधर होता. मग तिनं पुढं दाराकडे बघितलं. सताड उघडं होतं.

“चालू करा रे,” ती म्हणाली. “आवाजात जायचं हाय मला.”

खडखडाट सुरू झाला आणि ती आत गेली.

दुसऱ्या दिवशी सत्कार झाला. केमकर आणि पेठकर दोघांनीही भाषणात ‘आमचा गंगाधर’ म्हटलं, दोघांनी एकमेकांकडे रागानं बघितलं. गंगाधर एवढंच म्हणाला, “माझी ओळख तुम्ही दोघांनी करून दिलीत. राहिलेली पहिल्या ओळीत बसली आहे.” पहिल्या ओळीत सुंदरम्मा बसली होती, एका बाजूला मानसिंग, दुसऱ्या बाजूला मांडीवर पिशवी घेतलेले नरसय्या.

दुसऱ्या आवृत्तीच्या वेळी गंगाधरनं ते वाक्य बदलायला काढलं. अम्मानं बदलू दिलं नाही.

“मला तसंच ऐकू आलं होतं,” ती म्हणाली.

नरसय्यांना हे पटलेलं नाही. त्यांचं म्हणणं, मग निदान पुढच्या पुस्तकात तरी एक भाऊ दार उघडताना दाखव. गंगाधर विचार करतो म्हणाला आहे. पुढचं पुस्तक रेल्वेवर आहे, पण मामांना त्यात काही अडचण दिसत नाही.