सतरा पायऱ्यांची जप्ती

वेल्डरने दावा जिंकला. ऐंशी हजार, वर व्याज, वर खर्च. आता हे विसरून जा. क्लासवाले सर त्याच दिवशी विसरले होते.

तर, सरांच्या घरी वरच्या मजल्यावर क्लास भरायचा आणि तिथे जायला वेल्डरने लोखंडी गोल जिना बसवून दिला होता. सतरा पायऱ्या, नक्षीचा कठडा, करारावर दोघांच्या सह्या. उरलेले पैसे सर "सोमवारी" देणार होते. असे सत्तर सोमवार साठले. लोखंडवाल्याने वेल्डरची उधारी बंद केली, दुकानाचं शटर अर्ध्यावर आलं. मग नोटीस, मग दावा, मग हुकूमनामा. हुकूमनामा म्हणजे पैसे नव्हेत, हे सांगायची वकिलांनी वेगळी फी घेतली. "आता वसुलीची दरखास्त लावू," ते म्हणाले. "कोर्टाचा बेलिफ जाऊन जप्ती करेल."

बेलिफ आला. माल दाखवायला वेल्डर सोबत होताच.

"घर कोणाचं?"

"हिच्या नावावर," सर म्हणाले.

"गाडी?"

"मेहुण्याची."

"बाकं, फ्रीज, पंखे?"

"सासऱ्यांचे. पावत्या दाखवू?"

"अहो, मग तुमचं स्वतःचं असं आहे तरी काय?"

सरांनी घरभर नजर फिरवली. मग त्यांचा चेहरा उजळला. "जिना! बिल माझ्या नावावर आहे. विचारा यांना, यांनीच कोर्टात सिद्ध केलंय."

बेलिफने खालून सुरुवात केली. प्रत्येक पायरीला नंबरची चिठ्ठी. वेल्डर डिंकाची बाटली धरून मागोमाग. सतरावी चिकटली तेव्हा दोघेही वर होते.

"जप्त मालाचा वापर करायचा नाही," बेलिफने वेल्डरला वाचून दाखवलं. "माल तुमच्या ताब्यात. इथे सही करा." आणि सही घेऊन तो खाली उतरला.

"साहेब, तुम्ही कसे उतरलात?"

"मी सरकारी कामावर आहे."

वेल्डरने पाय पुढे टाकला. खालून सर ओरडले, "पायरीला पाय लागला तर कोर्टात तक्रार करीन हं!"

"पैसे टाका सर, उडी मारतो!"

"सोमवारी बघू."

तेवढ्यात वेल्डरला बायकोचा फोन. "अहो, मिळाले का?"

"जिना मिळाला."

"मग उतरा आणि घरी या."

"तेच तर जमत नाहीये."

"मी म्हणत होते, आधी पैसे घ्या, मग जिना लावा. माझं कोण ऐकतंय! लोखंडवाला दारात बसलाय. त्याला काय सांगू?"

वेल्डरला सुचलं ते उत्तर 'सोमवार' होतं. त्याने जीभ चावली, फोन ठेवला आणि क्लासच्या फळ्याखालचा कागद ओढून लिहायला बसला:

"मे. कोर्टास नम्र विनंती की, अर्जदाराने स्वतः बनवलेल्या, पैसे न मिळालेल्या व सध्या अर्जदाराच्याच ताब्यात असलेल्या जिन्यावरून अर्जदारास एकदाच, फक्त खालच्या दिशेने, उतरण्याची परवानगी व्हावी. आणि या अर्जाची सुनावणी कृपया सोमवारी ठेवू नये."