सलामीचा हात

“सिस्टर, आणखी खाली वाका. टोपी दिसतेय तुमची,” सांस्कृतिक खात्याचे साहेब म्हणाले.

मी मास्तरांच्या खुर्चीमागे गुडघ्यांवर बसले होते. त्यांचा लुळा उजवा हात कोपरापाशी धरून कपाळापर्यंत न्यायचा आणि बँड थांबेपर्यंत तसाच धरून ठेवायचा. खिडकीखाली बँड, समोर कॅमेरे. राष्ट्रगीताला चाल देणाऱ्या संगीतकाराची राष्ट्राला सलामी!

“साहेब, त्यांना हे आवडायचं नाही,” मी हळूच म्हटलं.

“त्यांना बोलता येत नाही, आणि तुम्हाला बरं सगळं कळतं!”

मास्तरांच्या लेकीनं माझा खांदा दाबला. “करा हो सिस्टर. हे घर सरकारनं दिलंय. बाबांना घेऊन कुठं जाऊ मी?”

बायको शेवटच्या दुखण्यात होती, तेव्हा तिला झोप लागावी म्हणून मास्तरांनी ही चाल बांधली होती. वाचा होती तोवर सांगायचे, “माझ्या अंगाईला यांनी बूट घातले आणि पळायला लावलं.” तक्रारीची पत्रं लिहून लिहून थकले. उत्तरादाखल एकदा शाल आली.

बँड सुरू झाला. मी हात उचलला. मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे ऐकून होते. इथे तर माणूस जिवंत होता, आणि लोणी काढणारा हात माझा.

तेवढ्यात मास्तरांचा धड असलेला डावा हात छातीवरून आडवा आला, चाचपडत माझ्या बोटांवर टेकला. एक बोट ठेका धरू लागलं. खाली ढोल धडधडत होते, आणि हे बोट आपल्याच लयीत, झोपलेल्या माणसाच्या श्वासासारखं संथ.

बँड थांबला. टाळ्या झाल्या. बोट चालूच.

“बघा, अजून ताल धरलाय! अभिमान असा रक्तात असावा लागतो,” साहेब ओरडले. “घ्या, जवळून घ्या!”

तरी मी हात खाली घेतला नाही. कॅमेरा जवळ आला तसं बोट थांबलं. चाल निम्म्यावरच राहिली.

दुसऱ्या दिवशी मास्तरांचं अंग पुसताना उजव्या कोपराच्या वर निळी बोटं उमटलेली दिसली. माझीच.

“मास्तर, आता तो हात द्या बरं.”

डावा हात ते रोज आपणहून पुढे करायचे. आज तो चादरीखाली होता, मूठ घट्ट आवळलेली.

पाणी गार होईपर्यंत मी ओलं फडकं घेऊन उभी राहिले.