शिट्टी गेलेल्या कुकरातली बिस्किटं

मी एक कुकर बोलतोय. पाच लिटरचा, ॲल्युमिनियमचा, आणि शिट्टी नसलेला. शिट्टी नसलेल्या कुकरचं कोण ऐकणार, असं मलाही वाटायचं. पण यंदा नाताळच्या सुट्टीत माझ्या काठावर जे घडलं, ते सांगितल्याशिवाय राहवत नाही.

माझा जन्म कारखान्यातला. त्यातलं फारसं आठवत नाही; खूप आवाज होता, एवढंच. आठवतं ते कारंज्यातलं भांड्याचं दुकान. धनराजमामा नावाचे एक गृहस्थ आले. त्यांनी मला बोटाने ठोकून पाहिलं, झाकण तीनदा लावलं, तीनदा काढलं, मग दुकानदाराला म्हणाले, "नाव टाकून द्या." दुकानदाराने टकटक करणारं यंत्र माझ्या अंगावर फिरवलं. 'चि. सौ. कां. उज्ज्वला हिस मामांकडून सप्रेम भेट.' ठिपक्याठिपक्यांची ती अक्षरं अजून आहेत. 'सप्रेम'मधला 'प्रे' मात्र घासणीने गेला.

कामरगावहून उज्ज्वला लग्न होऊन आली आणि तिच्यासोबत मी आलो. वाशीमच्या अलीकडे, रस्त्यापासून आत, विहिरीजवळचा भाजीचा मळा. मेथी, सांबार, वांगी, भेंडी. सांबार म्हणजे कोथिंबीर. इकडे तसंच म्हणतात. घरात नवरा पवन आणि सासू रंगूबाई. सासरे आधीच गेलेले.

रंगूबाईला माझी भीती वाटायची. शिट्टी झाली की ती अंगणात निघून जायची. "अंगावर येते हे भांडं," म्हणायची. उज्ज्वला हसायची. तेव्हा ती खूप हसायची, हे मुद्दाम सांगतो.

एके दिवशी तुरीचं वरण शिजताना माझ्या झाकणातून धडाम आवाज झाला. शिट्टी उडून कुठे गेली, ती आजतागायत सापडली नाही. वरण थेट छताला. पवन मळ्यातून धावत आला, वर पाहिलं आणि म्हणाला, "आज छतच जेवलं म्हना की." मग नवा कुकर आला आणि माझी रवानगी माळ्यावर झाली. माझ्या पोटात भेंडीचं बियाणं भरून ठेवलं. भांड्याला रिकामं राहण्यापेक्षा ते बरं.

दोन वर्षांपूर्वी मला खाली काढलं ते तनुजामुळे. पवन-उज्ज्वलाची ही एकुलती एक लेक वाशीमच्या शाळेत पहिलीला होती. नाताळची सुट्टी लागायच्या आधी त्यांच्या सुकेशनी मॅडमनी वर्गाला सांगितलं होतं, सुट्टीत आईच्या मदतीने काहीतरी नवीन करा आणि आल्यावर सांगा. उज्ज्वलाने मोबाईलवर पाहिलं. एक बाई कुकरमध्ये लोण्याची बिस्किटं भाजत होती. म्हणत होती, रबर काढा, शिट्टी काढा. उज्ज्वला म्हणाली, "चांगल्या कुकरची शिट्टी कायले काढा? माळ्यावर हाये की बिनशिट्टीचा."

त्या दिवशी पवन भाजी विकून वाशीमहून परतला, तो बटरची वडी घेऊन. वितळू नये म्हणून उरलेल्या सांबाराच्या जुड्यांखाली दाबून आणलेली. त्या वर्षीच्या बिस्किटांना सांबाराचा वास होता. कोणी तक्रार केली नाही.

रीत सोपी आहे. बटर आणि पिठीसाखर हाताने फेसायची, पांढरी होईस्तोवर. त्यात मैदा घालून गोळा करायचा. फार मळायचा नाही. छोटे गोल करायचे आणि तनुजाने प्रत्येकावर अंगठा दाबायचा. माझ्या तळाला मीठ पसरायचं, त्यावर तिवई ठेवायची, मला रिकामाच दहा मिनिटं तापवायचं आणि मग ताटली आत सोडायची. मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटं. मी दोन वर्षं हे काम केलं. सुट्टी लागली की मला खाली काढायचे आणि बियाणं तेवढे दिवस सुपात जायचं.

यंदा आश्विनात पवन मोटार सुरू करायला विहिरीवर गेला. रात्री पाऊस होऊन गेला होता. पेटीला हात लावला आणि करंट लागला. मी माळ्यावर होतो. मला खाली बायकांचा आवाज ऐकू आला, मग पुष्कळ माणसांचा, मग कोणाचाच नाही.

उज्ज्वला रडली नाही. बायका येऊन तिला धरून बसायच्या. शेजारच्या मळ्यातल्या लिलाबाई तर रोज म्हणायच्या, "रडून घे व माय, मोकयी होशील." ती मान हलवायची आणि उठून चूल पाहायची. तेराव्यानंतर ती मळ्यात जायला लागली. मेथी उपटायची, जुड्या बांधायची. स्वयंपाक वेळेवर व्हायचा. दोनदा वरणात मीठ नव्हतं. दोन्ही वेळा तिघींनी तसंच खाल्लं. तिला काही विचारलं की एकच उत्तर, "बरं हाये."

घरातलं माणूस गेलं की वर्षभर त्या घरात गोडधोड होत नाही, तळणाची कढई चढत नाही. रंगूबाई ही रीत डोळ्यात तेल घालून पाळत होती. दिवाळी तशीच गेली. पोराच्या माघारी तिच्या हातात तेवढंच पाळण्यासारखं उरलं होतं, असं मला वाटतं.

मग नाताळची सुट्टी लागली. तनुजा आता तिसरीत. तिने कोणाला काही विचारलं नाही. स्टूल लावून माळ्यावर चढली, मला कवेत धरून खाली उतरवलं आणि झाकण उघडून माझ्यातल्या बियाण्यात हात घालून बसली.

"काय करून राह्यली व?" रंगूबाईने विचारलं.

"काई नाई आजी. नुसतं पाहून राह्यली."

रंगूबाई तिच्याजवळ बसली. बराच वेळ बसली. मग उठून तिने लुगड्याचा पदर नीट केला, चपला घातल्या आणि रस्त्यावर जाऊन ऑटो थांबवला. पोरगा गेल्यापासून ती वाशीमला गेली नव्हती. दोन तासांनी परतली. बटरची वडी पदरात बांधून आणलेली. अंगाच्या उबेने ती मऊ झाली होती आणि पदराला तेलकट डाग पडला होता.

"पोरीले बिस्कुटं करून दे," तिने उज्ज्वलाला सांगितलं.

उज्ज्वलाने वडीकडे पाहिलं. "आई, वरीस कुठं झालं?"

नेमक्या त्याच वेळी लिलाबाई विळा मागायला आल्या होत्या. त्यांनी दारातूनच म्हटलं, "खरं हाये, रंगूबाई. वर्षाच्या आत गोड? लोक काय म्हनतील?"

रंगूबाई त्यांच्याकडे वळली. "गोड कोन म्हन्ते? कढई चढून राह्यली का? तळन हाये का? हे भाजनं हाये. भाकर भाजत नाई का आपन?"

"पन सनाचं..."

"सन कोनाचा हाये? आपला हाये का? दिवाळी म्या होऊ नाई देल्ली. संक्रांत होऊ देनार नाई. हा सन आपला नाई, त्याचं सुतक आपल्याले कायचं?" मग आवाज खाली आणून म्हणाली, "पोरगी बियान्यात हात घालून बसली व, लिलाबाई. काई मांगत नाई. मांगतली असती त नाईच म्हनली असती मी."

लिलाबाई विळा घेऊन गेल्या.

उज्ज्वला कामाला लागली. नाही म्हणायलासुद्धा ताकद लागते. ती तिच्यात नव्हती. परातीत बटर घेतलं, साखर टाकली, हात फिरवायला लागली. पांढरं झालं तरी फिरवतच राहिली. तनुजा म्हणाली, "मम्मी, झालं." तेव्हा थांबली. तनुजाने एकेका गोलावर अंगठा दाबला. मी गॅसवर रिकामा तापत होतो.

पहिली ताटली झाली. उज्ज्वलाने सांडशीने ती बाहेर काढली, दुसरी आत सोडली. ती सोडताना मी हललो. मला सावरायला तिने डावा हात माझ्या काठावर ठेवला. फडकं नाही, काही नाही. उघडा तळहात.

आणि तो तिने काढला नाही.

मी धातू आहे. मी तापलो की पोळतो, मला दुसरं येत नाही. एरवी माणसाचा हात मला लागतो न लागतो तोच मागे जातो. तिचा हात तिथेच होता. ती खिडकीतून बाहेर कुठेतरी पाहत होती. मला ओरडता आलं असतं तर ओरडलो असतो. पण ज्यातून आवाज निघायचा, तेच माझ्याकडे उरलं नव्हतं.

"मम्मी! हात!" तनुजा किंचाळली.

रंगूबाईने झडप घालून उज्ज्वलाचं मनगट ओढलं आणि हात सरळ पाण्याच्या बादलीत बुडवला. स्वतःचाही हात पाण्यात, तिचं मनगट धरून.

"पोळलं नाई तुले?"

"समजलंच नाई, आई."

उज्ज्वलाचा आवाज अगदी सपाट होता, 'बरं हाये' म्हणताना असायचा तसाच. दोघी बादलीशी तशाच उकिडव्या बसल्या होत्या. मग रंगूबाई म्हणाली, "मलेबी नाई समजत. चहात साखर हाये का नाई, ते समजत नाई. थंडी वाजून राह्यली का, ते समजत नाई. परवा त्याचा डबा भरला म्या. भाकर बांधली, मिरची बांधली. मंग पाह्यलं, न्याले कोनी नाई."

"मंग?"

"मंग काय. खाल्ली मीच."

उज्ज्वलाने पहिल्यांदा सासूकडे नीट पाहिलं. दोन महिने दोघी एका छताखाली होत्या. एक रीत पाळत होती, दुसरी काम करत होती, आणि दोघींना वाटत होतं की समोरची मजबूत आहे. तिने पाण्यातल्या पाण्यात सासूची बोटं धरली. रडल्या दोघीही नाहीत. मी खोटं सांगणार नाही.

दुसऱ्या ताटलीचा बट्ट्याबोळ झाला. खालून काळी पडली. तनुजाने गॅस बंद केला, पण उशीर झाला होता. पहिली मात्र चांगली उतरली होती. पिवळसर, कडेला बदामी. तिघींनी ओट्यापाशी उभं राहूनच खाल्ली. तनुजाने विचारलं, "कसं झालं, मम्मी?"

उज्ज्वलाने थोडा वेळ चावलं. "काई समजत नाई व मले," ती म्हणाली. "तूच सांग."

'बरं हाये' नाही म्हणाली. मला वाटतं, त्या घरात त्या दिवशी घडलं ते एवढंच.

"साखर कमी हाये," तनुजा म्हणाली. "पन चांगलं हाये."

संध्याकाळी रंगूबाईने चार बिस्किटं कागदात बांधून लिलाबाईंकडे पाठवली. त्यांनी ती परत पाठवली नाहीत.

आता सुट्टी संपली. शाळा सुरू झाली. मला पुन्हा माळ्यावर ठेवलेलं नाही. बियाणं अजून सुपातच आहे आणि मी ओट्याच्या कोपऱ्यात आहे. उज्ज्वलाच्या तळहाताला फोड आला, फुटला, आता नवी कातडी धरतेय. रात्रीची भाकर झाली की रंगूबाई तिथे खोबरेल लावते. मेथी उपटायला अजून उजवा हातच चालतो. बाकी उज्ज्वला पहिल्यासारखीच आहे. हसत नाही. पण आता विचारलं तर कधीकधी "नाई समजत" म्हणते, आणि मग सासू तिच्याजवळ येऊन बसते.

माझं मागणं एवढंच आहे. तुमच्याही घरात कोणी वेळेवर स्वयंपाक करत असेल, वेळेवर जुड्या बांधत असेल आणि सगळं बरं आहे म्हणत असेल, तर ती खंबीर आहे असं म्हणून निघून जाऊ नका. तिचा हात कुठे टेकलाय ते पाहा. भांड्याला सांगता येत नाही. आधी हात सोडवा, मग काय बोलायचं ते बोला.