कॉम्प्युटरातलं शेत

मी सगळ्यात आधी पत्ते काढले.

म्हणजे हातातले नव्हेत, कॉम्प्युटरातले. आमचा कॉम्प्युटर लॉकडाऊनमधला. पोरांच्या ऑनलाइन शाळेसाठी माझ्या दिराने, पप्पू भावजींनी, दौंडच्या दुकानातून आणला होता. 'सगळं आतच हाय वैनी, वेगळं काय घ्याया लागत न्हाई,' असं कौतुकाने सांगत होते. खरंच सगळं आत होतं. पत्ते होते, फुगे फोडायचे होते, मोटारींची शर्यत होती, कुठल्याशा परदेशी शहरात आज बर्फ पडणार की नाही तेही आमच्या वरवंडला बसून कळत होतं. कोणी मागितलं नव्हतं. पुढे पोरं पुन्हा शाळेत जायला लागली, पण ही पाहुणेमंडळी काही हलली नाहीत. सातबारा उघडायला घेतला तर गॅसवरचा चहा उतू जाई, तरी पान अर्धंच.

तरी मी कधी हात लावला नव्हता. कॉम्प्युटर हळू चालतो म्हणून कोणाचं काही अडत नव्हतं. अडायला लागलं ते आमचे हे त्याच्यापुढे बसायला लागल्यावर.

हे म्हणजे सत्यजित, माझा नवरा. कुरकुंभला एका कंपनीत होते. शेती भावजी बघायचे, भावजी आणि मी. मार्गशीर्षात कांद्याची लागण उरकली आणि त्याच आठवड्यात भावजींची मोटरसायकल चौफुल्याजवळ उसाच्या ट्रॉलीवर मागून आदळली. दिवेलागण झाली होती आणि ट्रॉलीला मागे लाल दिवा नव्हता. सत्तावीस वर्षांचे होते. शेती करतो म्हणून मुलगी कोणी देत नव्हतं.

तेराव्याला ह्यांनी चारचौघांत सांगितलं, 'नोकरी सोडतो. आता मळा मीच बघणार.' सगळ्यांनी माना डोलावल्या. आत्यांनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, लेकाच्या तोंडावरून हात फिरवला. नोकरी खरंच सोडली. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेतला, कॉम्प्युटरपुढे बसले आणि पत्ते लावायला लागले.

लागले तर पुन्हा लावायचे, नाही लागले तरी पुन्हा लावायचे. रडणं नाही, बोलणं नाही, चिडणं नाही. नवरा दारू पितो म्हटलं तर निदान भांडता तरी येतं. ह्यांच्याशी भांडू तर कशावरून? 'अहो, मळ्यात येताय ना?' म्हटलं की 'व्हय, एवढा डाव झाला की.' तो डाव कधी होतच नसे.

मग कांद्याला पाणी मी देत होते. मामांचे, माझ्या सासऱ्यांचे, गुडघे गेलेत. ते बांधावर बसून नुसतं 'तिकडं फुटलं, तिकडं फुटलं' करायचे. मला त्या दिवसांत काही वाटतच नव्हतं. पाणी धरायचं, भाकरी करायची, पोरांचे डबे भरायचे. एकदा खुरप्याने बोट कापलं, तेही रक्त दिसल्यावर कळलं.

फाल्गुनात एका सकाळी मामा ओट्यावरून म्हणाले, 'मोनाली, म्हाळूला निरोप धाडलाय म्या. पाडव्याला येतो म्हणला. मळा वाट्यानं देऊन टाकू.'

आमच्याकडे वर्षाच्या बोल्या पाडव्याला होतात. पाडव्याला एकदा शब्द गेला की पुढच्या पाडव्यापर्यंत त्या रानात दुसऱ्याचं औत. म्हाळू गावातलाच, दुसऱ्यांची रानं वाट्याने करणारा; माणूस वाईट नाही. पण वाट्याने दिलेलं रान पुन्हा घरात आलेलं निदान आमच्या आळीत तरी मी पाहिलेलं नाही. आणि त्या रानात माझीही कंबर मोडलेली होती.

'मी हाय की मामा,' मी म्हणाले.

'तू हायस गं. पन एकलीनं किती वढशील? त्याला म्हनावं, पाडव्याच्या आत रानात पाय ठेव. मग म्हाळूला न्हाई म्हनाया मला तोंड ऱ्हाईल.'

त्याला म्हणावं! जसं काही मी म्हटलंच नव्हतं. मला मामांचाही राग आला आणि ह्यांचाही, पण तो रागसुद्धा लांबूनच ऐकू आल्यासारखा, शेजारच्या घरात भांडण चाललंय तसा. मी आत गेले आणि पत्ते काढले.

सोपं असतं ते. नावावर उजवं बटण दाबायचं, 'काढून टाका' म्हणायचं, ते 'नक्की?' विचारतं, आपण 'हो' म्हणायचं. जेवण करून हे येऊन बसले तर पत्ते नाहीत. मी भांडी घासता घासता कान देऊन होते. म्हटलं, आता ओरडतील. त्या ओरडण्याची मी चक्क वाट बघत होते. ह्यांनी फुगे फोडायला घेतले.

मी फुगे काढले, हे मोटारी पळवायला लागले. मोटारी काढल्या तर रंगीत गोट्या जुळवायला लागले. तो खेळ आत आहे हे मला तोवर माहीतही नव्हतं. त्यात एका सकाळी कॉम्प्युटरने आपलं आपणच काहीतरी अपडेट केलं आणि पत्ते परत हजर! हरळीचं असतं तसंच, वरून उपटली तरी खाली मुळांच्या काशा राहतातच. मग मी मोबाईलवर व्हिडिओ बघून बघून काशांसकट काढायला शिकले. ज्यांना साधं बटण चालत नाही तेही काढले. ते परदेशी हवामान गेलं, तिथला बर्फ गेला. कॉम्प्युटर मोकळा झाला, सातबारा पटकन उघडायला लागला, आणि हे होते तिथेच होते.

शेवटी एकच खेळ राहिला, शेताचा. तो ह्यांना सापडला तेव्हा मी हसले, त्या सगळ्या महिन्यांत पहिल्यांदा, आणि ते हसणं काही चांगलं नव्हतं. त्यात एक हिरवं रान असतं. बी पेरायचं, पाणी घालायचं. पाण्याची वेळ झाली की घंटी वाजते, टिंग टिंग. एकदा मी मळ्यातून येऊन दारात पायाचा चिखल धूत होते आणि आत घंटी वाजली. हे जेवत होते, ताटावरून उठले. 'कोबी सुकंल,' म्हणाले. ह्या माणसाचा मला वीट आलाय, एवढं मला स्वच्छ वाटलं. मी पाय धुतले आणि आत गेले.

पाडवा तोंडावर आला. सणाआधी केस तरी कापून ये म्हणून आत्यांनी ह्यांना बाहेर हाकललं. मी लगेच खुर्चीत बसले आणि उजवं बटण दाबलं. काढून टाका. तर खाली बारीक अक्षरात आलं, की आतलं सगळं कायमचं जाईल, परत मिळणार नाही. म्हटलं, काय एवढं जातंय ते बघू तरी. खेळ उघडला.

रान समोर आलं आणि मी ते ओळखलं.

कोपऱ्यात विहीर. विहिरीच्या अंगाला चिंच. पलीकडे आडवा बांध, बांधावर दोन लिंब, एक उंच, एक खुजा. ओढ्याकडची पट्टी, जिथे काही केल्या काही येत नाही, ती इथेही रिकामी ठेवलेली. आमचाच मळा होता तो. वाफ्यांमधून एक टोपीवाला गडी कळशी घेऊन फिरत होता. खेळात त्या गड्याला नाव देता येतं. त्याच्या डोक्यावर इंग्रजी अक्षरांत लिहिलं होतं, पप्पू.

मी बघत बसले. रडायला येईल असं वाटलं, आलं नाही. भावजी गेले तेव्हाही आलं नव्हतं. तेव्हा माणसं भेटायला येत होती. आत्यांच्या गळ्यात पडत होती, मामांना धरून बसत होती, ह्यांच्या पाठीवर हात ठेवत होती. मी आत चहा करत होते. भावजयीला कोण भेटायला येतं? मी लग्न होऊन आले तेव्हा भावजी नववीत होते. शाळा सुटली तेव्हापासून आम्ही दोघांनी एका बांधावर बसून भाकरी खाल्ली. 'वैनी, आज ठेचा कमी तिखट झालाय,' असं रोज म्हणायचे आणि डोळ्यांतून पाणी गळेपर्यंत खायचे. मला त्यांची आठवण येत होती. सगळ्यांच्या इतकीच येत होती, आणि हे सांगायला घरात जागा नव्हती.

पडद्यावरचा गडी चिंचेखालच्या नळावर गेला आणि कळशी भरायला लागला.

'काढतीयस व्हय?' मागून आवाज आला. हे दारात उभे होते, केस बारीक, कानामागे पावडर. 'काढ. बाकीचं बी तूच काढलंस, ठाव हाय मला.'

मला काहीतरी मायेचं बोलायचं होतं. तोंडातून आलं ते भलतंच.

'हे चुकलंय,' मी म्हणाले.

'काय चुकलंय?'

'पाण्याचं. व्हॉल्व्ह आता चिंचंखाली न्हाई.'

ते पुढे आले. 'तिथंच हाय. आबांनी बसवलाय, मी बारका हुतो तवा.' मामांना हे आबा म्हणतात.

'हुता तिथं. भावजींनी गेल्या श्रावणात काढला. चिंचंच्या बुडाला घोणस निघाली हुती. ते कुठं गेले की पाणी मी धरायची, आन् मला तिथं जायचं भ्या वाटायचं. मग त्यांनी नवा पाईप गाडला, व्हॉल्व्ह वाटंच्या कडंला आणला. वैनीला लांब जायाला नगो म्हणून.'

'मला न्हाई सांगितलं त्यानं.'

'तुम्ही कवा इचारलं?'

बोलून गेले. परत घेता येणार नव्हतं, आणि खरं सांगायचं तर घ्यायचंही नव्हतं. हे पडद्याकडे बघत राहिले. घंटी वाजली, टिंग टिंग. पहिल्यांदाच ह्यांचा हात माऊसकडे गेला नाही.

'कुठं आणला म्हणालीस?'

'चला, दावते.'

ओट्यावर मामा पाय पसरून बसले होते. आम्ही दोघं बाहेर निघालेलं बघून त्यांनी पाय तेवढे जवळ ओढून घेतले.

व्हॉल्व्ह वाटेच्या कडेला अर्धा जमिनीत आहे. सांधा थोडा गळायचा, म्हणून भावजींनी त्याला सायकलची जुनी ट्यूब गुंडाळली होती आणि वरून निळ्या चौकड्यांची चिंधी करकचून बांधली होती. हे खाली वाकले. चिंधीवरची माती बोटाने खरवडली.

'हा माझा शर्ट हाय,' म्हणाले.

'व्हय. तुम्ही टाकून दिलेला. भावजी म्हणाले, दादा काय मळ्यात येत न्हाई, त्याचा शर्ट तरी येऊ दे.'

ह्यांच्या तोंडातून एक आवाज निघाला. मला आधी वाटलं हसले. मग ते तिथेच वाटेत खाली बसले, चिंधीला धरून, आणि तो आवाज थांबेना. मी जाऊन विहिरीवरची मोटार चालू केली, येऊन व्हॉल्व्ह सोडला. पाणी वाफ्यात शिरलं. मी रडले नाही. खोरं एकच होतं आणि पाणी दोन्हीकडून फुटायला लागलं होतं.

'अहो, उठा,' मी म्हणाले. 'तिकडं फुटतंय.'

हे उठले. डोळे न पुसताच माझ्या हातातून खोरं घेतलं आणि वाफा मोडायला, म्हणजे भरल्या वाफ्याचं पाणी पुढच्या वाफ्यात वळवायला, गेले. पहिले काही वाफे चांगले वेडेवाकडे मोडले.

पाडव्याला म्हाळू नवी टोपी घालून आला. हे तेव्हा कांद्यात होते. मामांनी म्हाळूला पोटभर जेवायला घातलं, गावच्या सोसायटीच्या गप्पा मारल्या आणि शेवटी म्हणाले, 'औंदा न्हाई बाबा. पोरगं रानाला लागलंय.' म्हाळू म्हणाला, 'ब्येस झालं,' आणि खरंच तसं वाटल्यासारखा म्हणाला. मला त्या दिवशी आनंद व्हायला हवा होता. झाला, पण उशिरा, गुढी उतरवताना.

आता हे सकाळीच मळ्यात जातात. कॉम्प्युटरकडे ढुंकून बघत नाहीत. आत्या म्हणतात, सगळं काढलंस, मग तेवढा एक कशाला ठेवलास? काढते म्हणते मी.

दुपारी डबा पोचवून मी घरी येते तेव्हा पोरं शाळेत असतात, आत्या-मामा झोपलेले असतात. टिंग टिंग होतं. मी हात पुसते आणि खुर्चीत बसते. चिंचेखालचा नळ मी काढला आणि वाटेच्या कडेला आणून बसवला, त्या गड्याला लांब जायला नको म्हणून. तो कळशी भरतो आणि कोबीला पाणी घालतो. काल तो पाणी घालून झाल्यावर बांधाजवळ थांबला. तसा तो रोजच थांबतो, खेळच तसा आहे. पण मी त्याला विचारलं, 'भावजी, ठेचा कसा झालाय आज?'

आणि मग मला रडायला आलं. खूप आलं. कोणी भेटायला आलेलं नव्हतं, चहा करायला उठायचं नव्हतं.